दरूद शरीफ: अर्थ, उच्चार आणि रोजचा नेम

पुण्यात मराठी माध्यमातून शिकलेल्या मुस्लिम तरुण-तरुणींपैकी अनेकांना दरूद शरीफ, म्हणजे इस्लामच्या प्रेषितांसाठी अल्लाहकडे केली जाणारी दुआ, तोंडपाठ असते. मक्तबमध्ये (मुलांच्या धार्मिक वर्गात) कानावर पडून ते लहानपणीच जिभेवर बसलेले असते, रोजच्या नमाजेत ते म्हटले जाते, घरी फातिहा देताना, निकाहच्या मजलिशीत आणि मय्यत झालेल्या घरातही ते ऐकू येते. मात्र या शब्दांतून आपण नेमके काय मागतो, कोणाकडे मागतो आणि दिवसात ते केव्हा केव्हा म्हणायचे असते, असे कोणी विचारले तर पुष्कळ जण अडखळतात. अरबी लिपी सहज वाचता येत नसल्यामुळे पुस्तक उघडून खात्री करून घेणेही अनेकांना जमत नाही. हे मार्गदर्शन त्यांच्यासाठी लिहिले आहे. आकडा वाढवण्याच्या मागे लागण्यापूर्वी एकच दरूद अर्थासह आणि शुद्ध उच्चारांनी शिकावे, आणि मग ते दिवसातल्या ठरलेल्या वेळांशी बांधून घ्यावे, असे माझे ठाम मत आहे. पुढची मांडणी त्याच क्रमाने केली आहे.

आधी अर्थ समजून घ्यावा

कुरआनच्या सूरह अहजाबमधील ५६ वी आयत हा या विषयाचा पाया आहे. अल्लाह आणि त्याचे फरिश्ते प्रेषितांवर दरूद पाठवतात, तेव्हा श्रद्धावंतांनो, तुम्हीही त्यांच्यावर दरूद आणि सलाम पाठवा, असा तिचा आशय आहे. नमाज, रोजा किंवा जकात यांची आज्ञा देताना अल्लाहने ते कृत्य आपण स्वतः करतो असे म्हटलेले नाही. येथे मात्र आधी स्वतःचा, मग फरिश्त्यांचा आणि त्यानंतर आपला उल्लेख आहे. अल्लाहचे दरूद म्हणजे फरिश्त्यांसमोर त्याने केलेली प्रेषितांची प्रशंसा आणि फरिश्त्यांचे दरूद म्हणजे त्यांची दुआ, असे अबुल आलिया या ताबिई (सहाबांच्या, म्हणजे प्रेषितांच्या सहकाऱ्यांच्या, नंतरच्या पिढीतील) विद्वानांचे स्पष्टीकरण सहीह बुखारी या हदीसच्या, म्हणजे प्रेषितांच्या उक्ती-कृतींच्या नोंदींच्या, संग्रहात नोंदलेले आहे. आपले दरूदही दुआच आहे.

ती दुआ कशी करायची, हे सहाबांनी स्वतः विचारून घेतले. कअब बिन उजरा यांनी सांगितलेली आणि बुखारी व मुस्लिम या दोन्ही संग्रहांत आलेली हदीस अशी आहे की, सलाम कसा करायचा हे आम्हांला ठाऊक झाले आहे, पण दरूद कसे पाठवावे, असे सहाबांनी विचारले, आणि त्यावर प्रेषित मुहम्मद (सल्लल्लाहु अलैहि व सल्लम, म्हणजे अल्लाह त्यांच्यावर कृपा आणि शांती पाठवो) यांनी आज आपण ज्याला दरूद-ए-इब्राहिमी म्हणतो ते शब्द शिकवले. आयतीत आज्ञा आहे ‘तुम्ही पाठवा’ अशी. शिकवलेले शब्द मात्र ‘हे अल्लाह, तू पाठव’ असे आहेत. प्रेषितांच्या योग्यतेला साजेसे काही देणे आपल्या आवाक्यातले नाही, म्हणून बंदा ते काम पुन्हा अल्लाहकडेच सोपवतो. दरूद म्हणताना आपण प्रेषितांकडे काही मागत नसतो, तर त्यांच्यासाठी अल्लाहकडे मागत असतो. एवढे मनात पक्के झाले की इस्लामच्या एकेश्वरवादाची चौकट आपोआप सांभाळली जाते आणि प्रेमालाही पूर्ण वाव मिळतो.

दरूद-ए-इब्राहिमीचा अर्थ साध्या मराठीत असा सांगता येईल: हे अल्लाह, मुहम्मदांवर आणि मुहम्मदांच्या परिवारावर कृपा कर, जशी तू इब्राहीमवर आणि इब्राहीमच्या परिवारावर केलीस, निश्चितच तू स्तुतीला पात्र आणि थोर आहेस. हे अल्लाह, मुहम्मदांना आणि मुहम्मदांच्या परिवाराला बरकत दे, जशी तू इब्राहीमना आणि इब्राहीमच्या परिवाराला दिलीस. निश्चितच तू स्तुतीला पात्र आणि थोर आहेस.

येथे इब्राहीम अलैहिस्सलाम यांचेच नाव का, असा प्रश्न मुले हमखास विचारतात. त्याचे एक सुंदर उत्तर कुरआनमध्येच सापडते. सूरह हूदच्या ७३ व्या आयतीत, म्हातारपणी पुत्र होणार ही वार्ता ऐकून चकित झालेल्या इब्राहीमच्या पत्नीला फरिश्ते म्हणतात की, या घरच्या लोकांनो, तुमच्यावर अल्लाहची रहमत आणि त्याच्या बरकती आहेत, तो ‘हमीद’ आणि ‘मजीद’ आहे. रहमत, बरकत, घरातली माणसे आणि शेवटी अल्लाहची हीच दोन नावे: दरूदची जवळजवळ सगळी सामग्री त्या एका वाक्यात आहे. इब्राहीमच्या घराला जे मिळाले तेच आपण मुहम्मदांच्या घरासाठी मागतो.

‘आल’ म्हणजे परिवार. त्यात प्रेषितांच्या पत्नी, त्यांची संतती आणि त्यांच्या बनू हाशिम कुळातील श्रद्धावंत येतात असे बहुतेक विद्वान मानतात, तर काहींनी त्याचा अर्थ सर्व अनुयायांपर्यंत नेला आहे. अबू हुमैद साइदी यांच्याकडून आलेल्या दुसऱ्या एका प्रमाण दरूदमध्ये पत्नी आणि संतती यांचा स्पष्ट उल्लेख आहे.

उच्चार: येथे घाई करू नये

देवनागरीत लिहिलेले अरबी कधीच पूर्ण अचूक नसते. त्यामुळे पुढचा मजकूर आधार म्हणून वापरावा आणि एकदा तरी जाणत्या हाफिजांपुढे (कुरआन तोंडपाठ असणाऱ्यांपुढे) किंवा मक्तबच्या उस्तादांपुढे म्हणून दाखवावा.

अल्लाहुम्म सल्लि अला मुहम्मदिंव्-व अला आलि मुहम्मदिन्, कमा सल्लैत अला इब्राहीम व अला आलि इब्राहीम, इन्नक हमीदुम्-मजीद.

अल्लाहुम्म बारिक अला मुहम्मदिंव्-व अला आलि मुहम्मदिन्, कमा बारक्त अला इब्राहीम व अला आलि इब्राहीम, इन्नक हमीदुम्-मजीद.

मराठी वाचकाची पहिली अडचण शब्दाच्या शेवटच्या ‘अ’ची असते. ‘घर’ हा शब्द आपण ‘घर्’ असा उच्चारतो, त्याच सवयीने ‘सल्लैत’चे ‘सल्लैत्’ आणि ‘इन्नक’चे ‘इन्नक्’ होते. ‘अल्लाहुम्म’, ‘सल्लैत’, ‘बारक्त’, ‘इन्नक’ आणि मधल्या ‘इब्राहीम’मधला शेवटचा ‘अ’ पूर्ण पण ऱ्हस्व उच्चारायचा आहे, ‘सत्य’ किंवा ‘पुण्य’ म्हणताना तो ऐकू येतो तसा. त्याला ओढून ‘सल्लैता’ करू नये. उलट ‘मजीद’वर थांबायचे असल्यामुळे तेथे शेवट तुटक असतो.

दुसरी अडचण ‘व अला आलि’ या तीन शब्दांची आहे. कोंढव्यातल्या एखाद्या मक्तबमध्ये असरच्या (दुपारनंतरच्या) नमाजेनंतर मुले एका सुरात दरूद म्हणू लागली की हे तीन शब्द एकमेकांत मिसळून ‘वालाली’ असे काहीतरी ऐकू येते. जाणते उस्ताद अशा वेळी मुलांना थांबवतात, बोटाने चटईवर तीन टिचक्या मारतात आणि प्रत्येक टिचकीला एक शब्द म्हणायला लावतात: व, अला, आलि. ‘अला’ म्हणजे ‘वर’, त्याचा पहिला स्वर घशातून येणारा आणि ऱ्हस्व आहे. ‘आलि’ म्हणजे परिवार, त्याचा ‘आ’ दीर्घ आहे. घरी शिकणाऱ्या मोठ्या माणसांनीही ही टिचकीची पद्धत निःसंकोच वापरावी, कारण वर्षानुवर्षे बसलेली घाई दुसऱ्या कशानेही इतकी लवकर मोडत नाही.

‘बारिक’मधील ‘रि’ ऱ्हस्व आहे. मराठी ‘बारीक’च्या सवयीने तो दीर्घ होऊ देऊ नये. ‘सल्लि’चा ‘स’ जाड आहे, जीभ मागून थोडी उचलून म्हणायचा. ‘हमीद’चा ‘ह’ घशाच्या मधून, श्वास घासत येतो. हे दोन उच्चार लिहून शिकवता येत नाहीत, ऐकूनच येतात. पूर्ण जमेपर्यंत दरूद थांबवून ठेवण्याचे मात्र काही कारण नाही. कुरआन अडखळत, कष्टाने वाचणाऱ्याला दुप्पट पुण्य आहे, अशी हदीस प्रसिद्ध आहे, आणि तिच्यातला दिलासा येथेही घ्यायला हरकत नाही.

पाठांतर करताना चार तुकडे करावेत: सल्लि ते आलि मुहम्मद, कमा सल्लैत ते आलि इब्राहीम, इन्नक हमीदुम्-मजीद, आणि मग ‘बारिक’चा भाग. पहिला भाग पक्का झाला की दुसऱ्यात फक्त दोन शब्द बदलतात, हे लक्षात आल्यावर उरलेले पाठांतर फारसे अवघड राहत नाही.

नमाजेतील जागा

नमाजेच्या शेवटच्या बैठकीत अत्तहिय्यात (बैठकीत म्हणायचे ठरलेले शब्द) पूर्ण झाल्यावर दरूद-ए-इब्राहिमी म्हणतात, त्यानंतर दुआ आणि मग सलाम. हनफी आणि शाफई हे सुन्नी मुस्लिमांचे दोन मजहब (धर्मनियमांचे पंथ) आहेत. हनफी मताप्रमाणे ते सुन्नत-ए-मुअक्कदा, म्हणजे आग्रहाने पाळायची सुन्नत (प्रेषितांचा पायंडा), आहे. शाफई मताप्रमाणे शेवटच्या बैठकीत प्रेषितांवर दरूद पाठवणे नमाजेचा अनिवार्य भाग आहे आणि त्यावाचून नमाज होत नाही. पुण्यात हा फरक पुस्तकी नाही. शहरातील बहुतेक सुन्नी मुस्लिम हनफी आहेत, पण रत्नागिरी आणि रायगडकडून आलेली कोकणी कुटुंबे शाफई आहेत, आणि एकाच सफमध्ये (रांगेत) दोघे शेजारी उभे असतात. तीन किंवा चार रकअतांच्या (आवर्तनांच्या) फर्ज (अनिवार्य) नमाजेच्या पहिल्या बैठकीत शाफई माणूस प्रेषितांवर संक्षिप्त दरूद म्हणतो, कारण त्याच्याकडे ती सुन्नत आहे. हनफी माणसाने मात्र तेथे अत्तहिय्यातनंतर लगेच उठायचे असते, आणि विसरून दरूद म्हटले गेले तर सजदा-ए-सह्व (चुकीबद्दलचा जादा सजदा) करायचा असतो. आपल्या मजहबचा नियम आपण पाळावा आणि शेजाऱ्याला त्याचा पाळू द्यावा. हनफींसाठी एक बारकावा आणखी आहे: असर आणि इशाच्या (रात्रीच्या नमाजेच्या) फर्जआधीच्या चार सुन्नत रकअतींमध्ये पहिल्या बैठकीतही दरूद म्हणायचे असते, आणि हे पुष्कळांना माहीत नसते.

जनाजाच्या (अंत्यविधीच्या) नमाजेत हनफी पद्धतीप्रमाणे पहिल्या तकबीरनंतर (‘अल्लाहु अकबर’ म्हटल्यावर) सना (अल्लाहची स्तुती), दुसऱ्या तकबीरनंतर दरूद, तिसऱ्यानंतर मय्यतसाठी दुआ आणि चौथ्यानंतर सलाम असा क्रम आहे. कब्रस्तानात धावपळीत पोहोचलेल्या तरुणांना दुआ येत नसली तरी दरूद येतेच. निदान तो भाग तरी मनापासून आणि सावकाश म्हणावा.

नमाजेबाहेरचे प्रसंग

प्रेषितांचे नाव ऐकले की दरूद म्हणावे, हा पहिला आणि सर्वांत महत्त्वाचा प्रसंग. आयुष्यात एकदा दरूद म्हणणे फर्ज आहे यावर विद्वानांचे मतैक्य आहे, कारण कुरआनची आज्ञा आहे. त्यापुढे, नाव येईल तितक्या वेळा ते आवश्यक आहे असे हनफी विद्वान इमाम तहावी मानतात, तर इमाम करखी एकदाच फर्ज मानून पुढचे ऐच्छिक समजतात. एकाच बैठकीत नाव अनेकदा आले तर एकदा आवश्यक आणि प्रत्येक वेळी उत्तम, हा व्यवहारात रूढ असलेला मधला मार्ग आहे. तिर्मिजी या हदीस-संग्रहातील एका हदीसमध्ये ज्याच्यासमोर प्रेषितांचे नाव घेतले गेले आणि तरीही ज्याने दरूद म्हटले नाही त्याला कंजूष म्हटले आहे. येथे ‘सल्लल्लाहु अलैहि व सल्लम’ एवढे पुरते.

अजानच्या वेळी मुअज्जिनचे शब्द आपणही हळू आवाजात म्हणावेत, ‘हय्य अलस्सलाह’ आणि ‘हय्य अलल्फलाह’ला ‘ला हौल वला कुव्वत इल्ला बिल्लाह’ म्हणावे, अजान संपल्यावर दरूद आणि मग वसीलाची (प्रेषितांना उच्च स्थान मिळावे अशी) दुआ: अल्लाहुम्म रब्ब हाजिहिद्-दअवतित्-ताम्मति वस्सलातिल् काइमति, आति मुहम्मदनिल् वसीलत वल्फजीलत, वब्अस्हु मकामम् महमूदनिल्लजी वअद्तह. हा क्रम सहीह मुस्लिममध्ये अब्दुल्लाह बिन अम्र यांच्या हदीसमध्ये आहे, आणि दुआचे शब्द बुखारीत. बहुतेक लोक दुआ म्हणतात, पण मधले दरूद गाळतात. कॅम्प किंवा मोमीनपुऱ्यात दोन-तीन मशिदींच्या अजान एकामागून एक ऐकू येतात. अशा वेळी एका अजानला हा पूर्ण प्रतिसाद दिला तरी पुरे.

मशिदीत उजवे पाऊल टाकताना ‘बिस्मिल्लाहि वस्सलातु वस्सलामु अला रसूलिल्लाह, अल्लाहुम्मफ्तह् ली अब्वाब रहमतिक’ आणि बाहेर पडताना दरूद म्हणून ‘अल्लाहुम्म इन्नी अस्अलुक मिन् फज्लिक’ म्हणावे.

दुआ मागताना आधी अल्लाहची स्तुती, मग दरूद, मग आपले मागणे आणि शेवटी पुन्हा दरूद, असा क्रम ठेवावा. फजाला बिन उबैद या सहाबींनी सांगितले आहे की एका माणसाने स्तुती आणि दरूद यांशिवायच दुआ सुरू केलेली ऐकून प्रेषितांनी ‘याने घाई केली’ असे म्हटले. दरूद नसलेली दुआ जमीन आणि आकाश यांच्यामध्ये अडून राहते, असे हजरत उमर यांचे वचन तिर्मिजीत आहे.

शुक्रवारचा मान वेगळा आहे. अबू दाऊद या हदीस-संग्रहातील औस बिन औस यांच्या हदीसमध्ये शुक्रवार सर्वोत्तम दिवसांपैकी एक असल्याचे सांगून त्या दिवशी अधिक दरूद पाठवण्यास सांगितले आहे, कारण ते प्रेषितांसमोर सादर केले जाते. इस्लामी दिवस सूर्यास्ताला सुरू होतो, म्हणून गुरुवारच्या मगरिबपासून शुक्रवारच्या मगरिबपर्यंतचा सगळा काळ यात येतो. जुम्याच्या (शुक्रवारच्या नमाजेच्या) खुतब्यात (प्रवचनात) प्रेषितांचे नाव आले तर ओठ न हलवता मनातल्या मनात दरूद म्हणावे. खुतबा चालू असताना मोठ्याने म्हणू नये.

रोजचा नेम कसा बांधावा

अल्लाहला सर्वांत प्रिय कृत्य ते, जे नेमाने केले जाते, मग ते थोडे का असेना, ही प्रेषितांच्या पत्नी हजरत आयशा यांनी सांगितलेली हदीस नेमाचा आकडा ठरवताना डोळ्यांसमोर ठेवावी. पहिल्याच आठवड्यात रोज १,००० दरूदांचा संकल्प करणारे बहुतेक जण महिन्याभरात सगळेच सोडून देतात. फज्रनंतर (पहाटेच्या नमाजेनंतर) दहा आणि झोपण्यापूर्वी दहा वेळा दरूद-ए-इब्राहिमी, अर्थ मनात आणून, अशी सुरुवात करावी. सावकाश म्हटले तरी एका दरूदला सुमारे अर्धा मिनिट लागतो, म्हणजे प्रत्येक बैठक पाच मिनिटांची. हे दोन-तीन महिने विनाखंड टिकले की मगच वाढवावे.

दिवसाच्या मधल्या वेळेसाठी छोटे दरूद ठेवावे. स्वारगेटहून हडपसरकडे जाणारी बस मगरपट्ट्याच्या अलीकडे अडकते, मेट्रोत उभे राहावे लागते, ससूनमध्ये वॉर्डाबाहेर तासन्‌तास बसावे लागते. अशा वेळी ‘सल्लल्लाहु अलैहि व सल्लम’ किंवा ‘अल्लाहुम्म सल्लि अला मुहम्मद’ म्हणत राहणे सर्वांत सोपे. शंभर वेळा म्हणायला पाच-सहा मिनिटे पुरतात. दुचाकी चालवताना लक्ष रस्त्यावर असावे, मोजणी करू नये.

मोजण्यासाठी तस्बीह (जपमाळ) किंवा बोटात घालायचा काउंटर वापरायला हरकत नाही, पण बोटे अधिक चांगली. बोटांवर मोजा, कारण त्यांना विचारले जाईल आणि ती बोलतील, असे प्रेषितांनी स्त्रियांना सांगितल्याची हदीस युसैरा यांच्याकडून आली आहे. उजव्या हाताच्या चार बोटांची मिळून बारा पेरे होतात. अंगठा पेरांवर फिरवत आठ फेऱ्या झाल्या की ९६, आणि वर चार म्हटले की शंभर पूर्ण.

वजू (नमाजेपूर्वी हात, तोंड, पाय धुऊन होणारी शुद्धी) असणे उत्तम, पण दरूदसाठी ते अट नाही. मासिक पाळीच्या दिवसांत नमाज माफ असते, दरूद मात्र म्हणता येते. अनेक मुली त्या दिवसांत सगळेच बंद ठेवतात, त्याची गरज नाही. उलट अजानच्या वेळी चटईवर बसून तेवढा वेळ दरूद म्हणत राहिले तर वेळ पाळण्याची सवय टिकून राहते. शौचालयात आणि जेथे निर्लज्ज गोष्टी चालल्या आहेत अशा जागी मात्र म्हणू नये.

दरूदने काय मिळते

सर्वांत भक्कम आधार सहीह मुस्लिममधील हदीसचा आहे: जो माझ्यावर एकदा दरूद पाठवेल त्याच्यावर अल्लाह दहा वेळा रहमत करेल. नसाई या हदीस-संग्रहातील हजरत अनस यांच्या हदीसमध्ये दहा गुन्हे पुसले जाण्याची आणि दहा दर्जे वाढण्याचीही भर आहे. अब्दुल्लाह बिन मसऊद यांच्याकडून आलेल्या तिर्मिजीच्या हदीसप्रमाणे कयामतच्या दिवशी प्रेषितांच्या सर्वांत जवळ तो असेल ज्याने सर्वांत जास्त दरूद पाठवले.

यापेक्षाही मला मोलाची वाटते ती उबय्य बिन कअब यांची हदीस. रात्रीचा मोठा भाग उलटल्यावर प्रेषित उठून लोकांना अल्लाहचे स्मरण करायला सांगत. उबय्य यांनी विचारले, मी आपल्यावर पुष्कळ दरूद पाठवतो, तर माझ्या दुआतला किती भाग त्यासाठी ठेवू? उत्तर आले, तुला वाटेल तितका. चौथा भाग? वाटेल तितका, वाढवलास तर तुझ्यासाठी चांगले. अर्धा? दोन तृतीयांश? प्रत्येक वेळी तेच उत्तर. शेवटी उबय्य म्हणाले, मग माझी सगळी दुआ मी आपल्यासाठीच ठेवतो. त्यावर प्रेषित म्हणाले की, मग तुझ्या चिंतांचे निवारण होईल आणि तुझे गुन्हे माफ होतील.

या संवादात कोठेही सक्ती नाही. माणूस स्वतः एकेक पाऊल पुढे येतो आणि प्रत्येक पायरीला त्याच्या मर्जीचा मान राखला जातो. आणि जे वचन मिळते ते आश्चर्यकारक आहे: माणूस स्वतःसाठी मागायचे थांबवतो, दुसऱ्यासाठी मागतो, आणि तरीही त्याचीच चिंता मिटते. नोकरी, मुलांची फी, घराचे भाडे, आजारपण यांनी भरलेली आपली रात्रीची दुआ आठवून पाहावी. त्यातली पहिली पाच मिनिटे दरूदला दिली की मागणे कमी होत नाही, पण मागणाऱ्याचा जीव थोडा मोकळा होतो, आणि ज्या प्रेषितांनी कष्ट सोसून हा दीन (धर्म) आपल्यापर्यंत आणला त्यांची आठवण आपल्या अडचणींच्या आधी मनात येते. नेमाने दरूद म्हणणारी वडीलधारी माणसे संकटात का डगमगत नाहीत, याचे एक कारण मला या हदीसमध्ये दिसते. कर्ज फेडण्याचा, डॉक्टरांकडे जाण्याचा किंवा रागावलेल्या भावाशी बोलण्याचा प्रयत्न मात्र दरूदने माफ होत नाही. ते प्रयत्न करण्याचे बळ त्यातून मागावे.

ज्यांची उमराहला (मक्केच्या यात्रेला) जाण्याची ऐपत नाही त्यांनी अबू दाऊदमधील हदीस लक्षात ठेवावी: माझ्यावर दरूद पाठवा, तुम्ही कोठेही असलात तरी तुमचे दरूद माझ्यापर्यंत पोहोचते. पृथ्वीवर फिरणारे फरिश्ते उम्मतचा (प्रेषितांच्या अनुयायांचा) सलाम पोहोचवतात, असे नसाईच्या हदीसमध्ये आहे. घोरपडी पेठेतल्या एका खोलीच्या घरातून पाठवलेले दरूदही मदीन्याला पोहोचते.

इतर दरूदे आणि मोबाइलवर येणारे संदेश

दरूद-ए-ताज, दरूद-ए-तुनज्जीना, दरूद-ए-नारिया अशी अनेक दरूदे आपल्याकडे प्रचलित आहेत. मोरोक्कोचे सूफी मुहम्मद अल-जजूली यांनी पंधराव्या शतकात संकलित केलेल्या ‘दलाइलुल खैरात’चे रोजचे पाठही अनेक सिलसिल्यांत (सूफी परंपरांत) चालतात. ही बुजुर्गांच्या प्रेमातून आलेली शब्दरचना आहे. तिचा अर्थ समजून, आपल्या विश्वासातील आलिमांना (धर्मविद्वानांना) विचारून ती पढावी. प्रेषितांनी स्वतः शिकवलेले शब्द मात्र दरूद-ए-इब्राहिमीचे आहेत, म्हणून आधी ते.

दरूद-ए-नारिया ४,४४४ वेळा म्हणण्याची प्रथा हदीसमधून आलेली नाही, ती सूफी परंपरेतली आहे. शुक्रवारी असरनंतर ८० वेळा दरूद म्हटल्यास ८० वर्षांचे गुन्हे माफ होतात, ही रिवायत (परंपरेने आलेले कथन) अनेक हदीसतज्ज्ञांनी कमकुवत ठरवली आहे. ‘हा संदेश अकरा जणांना पाठवा, रात्रीपर्यंत आनंदाची बातमी मिळेल’ अशा मजकुराला तर काहीच आधार नसतो, आणि प्रेषितांच्या नावावर न बोललेली गोष्ट खपवणे फार गंभीर आहे. दहापट रहमतीचे प्रमाण वचन हाती असताना अशा मजकुराच्या मागे जाण्याची गरज मला वाटत नाही.

पुण्यातील मशिदींमध्ये पद्धती वेगवेगळ्या आहेत. काही ठिकाणी जुम्यानंतर उभे राहून सलातो-सलाम पढला जातो, काही ठिकाणी बसून मनातच दरूद म्हटले जाते. शिया आणि बोहरा मजलिशीत ‘अल्लाहुम्म सल्लि अला मुहम्मदिंव्-व आलि मुहम्मद’चा एकत्र गजर होतो. ज्या मशिदीत गेलो तेथील अदब राखावा आणि दरूदच्या नावाने वाद घालू नये. ज्या शब्दांनी रहमत मागायची त्यांवरून आवाज चढवणे मला फार वेदनादायक वाटते.

लिहितानाही दरूद पूर्ण लिहावे. लग्नपत्रिका, मिलादचे फलक आणि मराठी लेख यांत ‘स.’ किंवा ‘स.अ.व.’ असे संक्षेप सर्रास दिसतात. नावाच्या पहिल्या उल्लेखाला तरी ‘सल्लल्लाहु अलैहि व सल्लम’ असे पूर्ण लिहावे आणि पुढे वाचकाने ते तोंडाने म्हणावे. विद्वानांनी असे संक्षेप नापसंत केले आहेत, आणि आपल्या लिपीत हे तीन-चार शब्द सहज मावतात.

नेम चुकला तर

दरूदच्या नेमाची कजा (चुकलेले नंतर भरून काढणे) नसते. पाहुणे, परीक्षा, रात्रपाळी किंवा बाळंतपण यांमुळे नेम खंडित झाला तर चुकलेला आकडा जमवून दुसऱ्या दिवशी दुप्पट करण्याचा आग्रह धरू नये. त्याने नेम जड होतो आणि सुटतो. त्या रात्री झोपताना निदान तीन वेळा दरूद-ए-इब्राहिमी म्हणावे, आणि दुसऱ्या दिवशी फज्रपासून नेहमीच्या दहाला परत यावे. आठवडाभराचा खंड पडला असेल तर गुरुवारच्या मगरिबला पुन्हा सुरुवात करणे सोपे जाते, कारण तेथून शुक्रवारचा काळ लागतो आणि घरातली इतर माणसेही त्या वेळी दरूद म्हणत असतात. घरात लहान मूल असेल तर त्याला शेजारी बसवावे आणि एक दरूद त्याच्याकडून, शब्द सुटे करून, म्हणून घ्यावे.